सतरा सप्टेंबर आणि नंतरचे वीस दिवस

मराठवाड्याला स्वातंत्र्यदिन दोन. एक साऱ्या देशाचा, १५ ऑगस्टचा. दुसरा आमचा घरचा, १७ सप्टेंबरचा. त्या दिवशी आमच्याकडे शाळाशाळांतून झेंडावंदन होते, हुतात्मा स्मारकावर फुले वाहिली जातात, मुले प्रभातफेरी काढतात आणि गावातला कोणी वडीलधारा माणूस रझाकारांच्या चार गोष्टी सांगतो. पुण्यामुंबईच्या वाचकाला या दुसऱ्या दिवसाचा अर्थ अजूनही समजावून सांगावा लागतो. आणि आम्हा मराठवाड्यातल्या लोकांना तो अर्थ पाठ असला तरी त्याची पुढची पाने आम्ही सहसा उलटत नाही. दिवाळीच्या फराळाबरोबर वाचावयाचा हा विषय नव्हे, हे मला कळते. परंतु ज्या घरात चार पिढ्या एकत्र बसतात त्या घरातच जुन्या गोष्टी निघाव्यात, आणि निघाल्या तर पुऱ्या निघाव्यात, एवढ्यासाठी हा लेखनप्रपंच.

आमचे रेणापूर हे रेणुकामातेचे गाव. लातूरहून अंबाजोगाईला जाणारा रस्ता गावावरून जातो. या रस्त्याचे एक नवल आहे. १९३५ नंतरच्या काळात या रस्त्याच्या एका टोकाला, अंबाजोगाईत, एक शिक्षक शाळा चालवीत होते. आणि दुसऱ्या टोकाला, लातुरात, एक वकील आपली वकिली चालवीत होता. शिक्षकाचे पूर्वाश्रमीचे नाव व्यंकटेश भवानराव खेडगीकर. जग त्यांना स्वामी रामानंद तीर्थ म्हणून ओळखते. वकिलाचे नाव कासीम रझवी. पहिला हैदराबादच्या मुक्तिलढ्याचा नेता झाला, दुसरा रझाकारांचा सेनापती. दोघांच्या मध्ये आमच्यासारखी खेडी होती. आणि त्या खेड्यांत ज्वारी, तूर, कापूस पिकवणारी, एकमेकांच्या लग्नाकार्यात आणि मयतीला उभी राहणारी हिंदू आणि मुसलमान माणसे होती.

निजामाचे राज्य केवढे होते याची कल्पना आजच्या मुलांना नसते. ब्याऐंशी हजारांहून अधिक चौरस मैलांचा मुलूख, सोळा जिल्हे, आणि १९४१ च्या शिरगणतीप्रमाणे एक कोट त्रेसष्ट लाखांची वस्ती. त्यात तेलंगण होते, कानडी जिल्हे होते आणि औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड व उस्मानाबाद हे पाच मराठी जिल्हे होते. लातूर त्या वेळी उस्मानाबाद जिल्ह्यात होते. त्याचा वेगळा जिल्हा १९८२ साली झाला. प्रजेत बहुसंख्य हिंदू होते; दरबार, फौज व वरच्या नोकऱ्या यांत मात्र मुसलमानांचा भरणा. शिक्षण उर्दूतून, कचेरीचा कारभार उर्दूतून, सभा भरवायची तर सरकारची परवानगी. लढाईच्या काळात लेव्हीचे धान्य सक्तीने उचलले जाई आणि शेतकरी ते पेवात दडवून ठेवी. या जाचात मुसलमान शेतकरी आणि विणकरही भरडला जात होता, हे ध्यानात ठेवावयास हवे. राजा आपल्या धर्माचा आहे एवढ्याने कोणाच्या घरची चूल पेटत नाही.

१९३८ साली स्टेट काँग्रेस स्थापन झाली आणि जन्मताच तिच्यावर बंदी आली. स्वामीजींनी त्याच साली शाळा सोडली आणि सत्याग्रहात उडी घेतली. एकीकडे हे चालू असता दुसरीकडे १९२७ साली निघालेल्या इत्तेहादुल मुसलमीन या संघटनेने वेगळाच सूर धरला होता. संस्थानातील प्रत्येक मुसलमान हा राज्याचा भागीदार आहे, असे ती शिकवू लागली. बहादुर यार जंग या फर्ड्या वक्त्याने तिला लोकांत नेले. १९४४ साली तो वारला, आणि १९४६ मध्ये संघटनेची सूत्रे लातूरच्या कासीम रझवीच्या हाती आली. रझाकार या शब्दाचा अर्थ स्वयंसेवक. शब्द चांगला, पण शब्दाची अब्रू तो धारण करणाऱ्याच्या हाती असते. दिल्लीच्या लाल किल्ल्यावर आसफजाही झेंडा लावण्याची भाषा रझवी करू लागला आणि खेड्यापाड्यांतून रझाकारांची कवायत सुरू झाली.

पुढची दोन वर्षे आमच्या भागाने कशी काढली ते कोणत्याही म्हाताऱ्या माणसाला विचारावे. असे सांगणारे आता फारच थोडे उरले आहेत. १९४६ साली नांदेड जिल्ह्यात बिलोलीजवळ अर्जापूर येथे गोविंदराव पानसरे यांचा खून झाला. १५ ऑगस्ट १९४७ रोजी देश स्वतंत्र झाला. निजामाच्या हद्दीत मात्र तिरंगा फडकावणे हा गुन्हा ठरला आणि स्वामीजी तुरुंगात गेले. २९ नोव्हेंबर १९४७ ला हिंदुस्थान सरकार व निजाम यांच्यात एक वर्षाचा ‘जैसे थे’ करार झाला. कागदावर शांतता झाली, गावात नाही. रझाकार गावावर खंडणी बसवीत. गावाने मुकाट्याने दिली तर ठीक, नाही तर लूट, जाळपोळ आणि त्याहून वाईट. बीदर जिल्ह्यातील गोरटा या गावी मे १९४८ मध्ये जे हत्याकांड झाले त्यात दोनशेच्या आसपास माणसे मारली गेल्याचे सांगतात. हजारो कुटुंबे सोलापूर, बार्शी, वऱ्हाड अशी वाट फुटेल तिकडे निघून गेली.

प्रतिकारही झाला. सरहद्दीवर उमरखेडसारख्या ठिकाणी तरुणांचे कँप उभे राहिले. करोडगिरीचे नाके जाळले गेले, निजामाच्या उत्पन्नाची शिंदीची झाडे तोडली गेली. ३० जानेवारी १९४८ रोजी, म्हणजे दिल्लीत गांधीजींची हत्या झाली त्याच दिवशी, नांदेड जिल्ह्यात उमरी येथील बँक लुटून लढ्यासाठी पैसा उभा केला गेला. वसमत भागात बहिर्जी शिंदे यांनी प्राण दिले. ही नावे आमच्या शाळा-कॉलेजांच्या पाट्यांवर आहेत, आणि असायलाच हवीत.

एक नाव मात्र या यादीत जितक्या ठळकपणे यायला हवे तितके येत नाही. ते म्हणजे शोएबुल्ला खान. हैदराबादेत ‘इमरोज’ नावाचे उर्दू दैनिक चालवणारा हा तरुण संपादक. संस्थानाने हिंदुस्थानात सामील व्हावे, रझाकारांचा मार्ग मुसलमानांच्याच नाशाचा आहे, असे तो उघडपणे लिहीत असे. ऑगस्ट १९४८ मध्ये रात्री कचेरीतून घरी जाताना त्याला गाठून ठार मारले, आणि ज्या हाताने लिहिले तो हात तोडला. रझाकारांच्या पहिल्या शत्रूंत एक मुसलमान होता ही गोष्ट मुलांना सांगितली, की सतरा सप्टेंबरचा सारा धडा निराळा दिसू लागतो. तो लढा दोन धर्मांचा नव्हता; एका अंगाला हुकूमत आणि दुसऱ्या अंगाला प्रजा, असा होता. त्याला धर्माचा रंग चढवण्याचे काम रझवीने केले. दुर्दैव असे, की रझवी हरला तरी त्याने चढवलेला रंग उतरला नाही.

१३ सप्टेंबर १९४८ च्या पहाटे हिंदी फौजा संस्थानात शिरल्या. सोलापूरकडून निघालेल्या मुख्य तुकडीने पहिल्याच दिवशी नळदुर्ग घेतला. निजामाची फौज आणि लाखावर सांगितले जाणारे रझाकार यांचा टिकाव पाच दिवसही लागला नाही. १७ तारखेला निजामाने नभोवाणीवरून शरणागती जाहीर केली, आणि १८ ला त्याचे सेनापती एल एद्रूस यांनी मेजर जनरल जे. एन. चौधरी यांच्यापुढे शस्त्रे ठेवली. या मोहिमेला सरकारने ‘पोलीस कारवाई’ म्हटले. आमच्याकडे तिचे नाव ‘पोलीस ॲक्शन’ हेच रूढ झाले. आजही आमच्याकडे जुन्या माणसाचे वय काढताना ‘पोलीस ॲक्शनच्या आदल्या साली’ किंवा ‘रझाकारात’ असा हिशेब करतात. त्या दिवशी गावोगाव गुलाल उधळला गेला. दोन वर्षे जीव मुठीत धरून बसलेल्या माणसांनी आनंद केला तर त्यात गैर काय?

इथवरचा इतिहास आम्ही शिकवतो. पुस्तकात धडा इथेच संपतो. पण काळ धड्यापाशी थांबत नाही.

त्या साली बकरी ईद ऑक्टोबरच्या मध्यावर आली होती, आणि दिवाळी ऑक्टोबर सरता सरता. या दोन सणांच्या आगेमागे मराठी व कानडी जिल्ह्यांतून अशा बातम्या दिल्लीला पोहोचू लागल्या, की सरकारने एक समिती पाठवण्याचे ठरवले. पंडित सुंदरलाल तिचे प्रमुख. हे जुने गांधीवादी देशभक्त. इंग्रजी राज्याचा हिशेब मांडणारा त्यांचा हिंदी ग्रंथ इंग्रजांनी जप्त केला होता. त्यांच्यासोबत काझी अब्दुल गफ्फार हे हैदराबादच्या ‘पयाम’ पत्राचे माजी संपादक, आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री. २९ नोव्हेंबर ते २१ डिसेंबर १९४८ या काळात ही मंडळी सोळांपैकी नऊ जिल्हे फिरली. सात जिल्ह्यांची ठाणी, २१ गावे आणि २३ मोठी खेडी त्यांनी पाहिली. जेथे जाता आले नाही अशा आणखी १०९ खेड्यांतील पाचशेहून अधिक माणसांच्या तोंडून हकीकत ऐकली.

त्यांचा अंदाज असा, की पोलीस ॲक्शनच्या वेळी व तिच्यानंतर सबंध संस्थानात किमान २७ हजार ते ४० हजार माणसे मारली गेली. मरणारे बहुतेक मुसलमान. सर्वांत जास्त हानी झालेले जिल्हे चार: उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. एवढ्या चार जिल्ह्यांत अठरा हजारांहून कमी माणसे गेली नसावीत. वाचकांनी नकाशा काढून पाहावा; हे चारही जिल्हे आमच्या उंबऱ्याभोवतीचे आहेत. हा आकडा अंदाजाचा आहे, मोजदादीचा नव्हे. त्यावर वादही आहेत. पण आकडा निम्मा केला तरी मान खाली घालावी लागते.

आणि लातूर? लातूर ही मोठी व्यापारपेठ. बार्शी लाइट रेल्वेमुळे भरभराटीला आलेली; आडत, सरकी, गूळ यांच्या उलाढालीची. तेथे कच्छी मुसलमान व्यापाऱ्यांची मोठमोठी दुकाने होती. समिती सांगते, की लातुरात वीस दिवसांहून अधिक काळ कत्तल चालली. गावात दहा हजारांच्या आसपास मुसलमान होते. समिती गेली तेव्हा जेमतेम तीन हजार उरले होते. हजारावर मारले गेले, बाकीचे पळाले. घरे, दुकाने लुटली गेली. बायकांवर ओढवलेले प्रसंग येथे लिहीत नाही. जवळपासच्या विहिरींना ते ठाऊक आहेत. लष्कराने पुष्कळ ठिकाणी शिस्त पाळली आणि गावे वाचवली, असे समितीने म्हटले आहे. आणि काही ठिकाणी शिपाई व पोलीसच लुटीत सामील झाले किंवा त्यांनी लोकांना चिथावले, हेही तिने लपवलेले नाही. रझाकारांच्या जुलमाचीही तिने तशीच नोंद केली आहे.

सूड, असे याचे एका शब्दात उत्तर दिले जाते. त्यात काही अंशी तथ्य आहे. ज्याच्या डोळ्यांदेखत घर जळाले त्याच्याकडून संतपणाची अपेक्षा करणे सोपे, तसे वागणे कठीण. पण सुडाचा हिशेब तरी बरोबर जुळतो का, हे पाहू. कासीम रझवी थोड्याच दिवसांत पकडला गेला, त्याच्यावर खटले चालले, त्याने तुरुंगवास भोगला; १९५७ साली सुटून तो पाकिस्तानात गेला आणि १९७० साली तेथे वारला. संस्थानचे पंतप्रधान मीर लायक अली १९५० साली नजरकैदेतून निसटून पाकिस्तानात पोहोचले. सेनापती एद्रूस यांनी उरलेले आयुष्य बंगलोरात काढले. खुद्द निजाम मीर उस्मान अली खान हे नव्या राज्यघटनेप्रमाणे हैदराबादचे राजप्रमुख झाले. १९५६ साली संस्थान मोडेपर्यंत त्या पदावर राहिले आणि १९६७ साली आपल्या बिछान्यावर वारले. ज्यांनी आग लावली ते सारे असे जगले. मेले ते लातूरचे दुकानदार, खेड्यातले विणकर, पिंजारी, हमाल आणि शेतमजूर. सुडाची तलवार नेहमीच हाताशी असलेल्या मानेवर पडते. अपराधी मान सहसा दूर असते.

शिवाय सगळाच सूड नव्हता. ज्याच्याकडे गहाण पडलेली जमीन होती, ज्याच्या दुकानाशी चढाओढ होती, ज्याचा वाडा डोळ्यांत भरत होता, त्याच्यावर रझाकार असल्याचा शिक्का मारणे त्या दिवसांत फार स्वस्त होते. रझाकारांनीही आपल्या अमलात नेमके हेच केले होते. धर्माच्या नावाखाली जुने हिशेब चुकते केले होते. हुकूमत बदलली की शिक्का बदलतो, लोभ तोच राहतो.

अहवाल सरकारकडे गेला आणि कपाटात बंद झाला. सरदार पटेलांना तो पटला नव्हता. देश नुकताच फाळणीतून बाहेर पडला होता. हे प्रसिद्ध झाले तर पुन्हा वणवा पेटेल, अशी भीती राज्यकर्त्यांना वाटली असेल, तर ती अगदीच निराधार होती असे म्हणवत नाही. परंतु तो वणवा विझल्यावरही कपाट उघडले नाही. पुष्कळ वर्षांनंतर त्यातले उतारे बाहेर येऊ लागले. पुढे २०१३ साली ए. जी. नूराणी यांच्या इंग्रजी ग्रंथात तो अहवाल छापून आला. मराठीत नांदेडचे नरहर कुरुंदकर आणि ‘मराठवाडा’कार अनंत भालेराव यांनी मुक्तिलढ्याविषयी मोलाचे लिहून ठेवले आहे. तथापि घराघरातून बोलले गेले ते निराळेच: एका आळीत रझाकारांची आठवण, दुसऱ्या आळीत पोलीस ॲक्शनची. दोन आळ्यांमध्ये एकच गल्ली. पण एकीची आठवण दुसरीच्या कानावर पडत नाही. ‘रझाकार’ हा शब्द आता शिवी म्हणून, भांडणात आणि निवडणुकीत, ज्याचा जन्मही त्या काळी झाला नव्हता अशा माणसाच्या तोंडावर फेकला जातो, तो यामुळेच.

वर्गात हा विषय निघाला की मला नेहमी एक अडचण येते. समोर दोन्ही आळ्यांतली मुले बसलेली असतात. एकाच बाकावर. गोरट्याची गोष्ट सांगितली की बाकाच्या एका बाजूचे पोर मान खाली घालते. लातूरची सांगितली तर दुसऱ्या बाजूचे कावरेबावरे होते. वास्तविक दोघांपैकी कोणाचाही त्यात काडीचा दोष नाही. म्हणून काही सज्जन म्हणतात, की गुरुजी, हे उकरून काढूच नका. त्यांचा हेतू चांगला असतो. पण न सांगितलेली गोष्ट मुले विसरत नाहीत. ती कोणाकडून तरी ऐकतातच, आणि मग अर्धी ऐकतात. अर्धा इतिहास हा खोट्या इतिहासाहून घातक, कारण त्यातला प्रत्येक शब्द खरा असतो.

कादंबरी लिहिणाऱ्याला माणसे कल्पावी लागतात. या प्रकरणात मात्र जी माणसे कल्पनेत आणायचीही छाती होत नाही, ती प्रत्यक्षात होऊन गेली आहेत. सुंदरलाल समितीच्या अहवालातला एक भाग मी म्हणूनच पुन्हापुन्हा वाचतो. तीत असे नमूद आहे, की अनेक ठिकाणी हिंदूंनी आपल्या मुसलमान शेजाऱ्यांना, बायामुलांसह, आसरा दिला, आणि काहींनी त्यापायी प्राण गमावले. एकाच धंद्यातल्या माणसांत हा जिव्हाळा विशेष दिसला. काही गावी हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांचे रक्षण केले, ते हिंदू जमावापासून. आणि त्याची भारी किंमत मोजली. पळवून नेलेल्या मुसलमान स्त्रियांना परत आणण्याच्या कामी पुष्कळ हिंदूंनी मदत केली.

हे विणकर कोण होते, त्यांची नावे काय, त्यांचे माग कोणत्या आळीत होते, हे अहवालात नाही. त्यांच्या नावाची पाटी कोणत्या शाळेवर नाही, स्तंभावर अक्षर नाही. त्यांनी तत्त्वज्ञानाचे पुस्तक वाचले असेल असे वाटत नाही. पलीकडच्या मागावर बसणारा माणूस आपल्यासारखाच सूत भिजवतो, खळ लावतो, सावकाराचे बोलणे खातो, एवढे त्यांना ठाऊक होते. आणि तेवढ्या ज्ञानावर ते जमावापुढे आडवे उभे राहिले. हैदराबादेत हात तुटलेला तो उर्दू संपादक आणि हे अनाम विणकर एकमेकांना कधी भेटले नाहीत. पण दोघांनीही आपापल्या माणसांविरुद्ध उभे राहून परक्याची बाजू घेतली. मुक्तिसंग्राम म्हणून जे काही उरले आहे, त्यातले सर्वांत अवघड काम त्यांनी केले, असे मला वाटते.

१९५६ साली हैदराबाद संस्थानाचे तुकडे झाले, मराठवाडा मराठी मुलखात आला. १९६० पासून आपण महाराष्ट्रात आहोत. नांदेडच्या विद्यापीठाला स्वामी रामानंद तीर्थांचे नाव आहे. अंबाजोगाईचा तो शिक्षक जिंकला, लातूरचा तो वकील हरला, हे निर्विवाद. मात्र वकिलाने शेजाऱ्याकडे पाहण्याची जी नजर शिकवली, ती आपल्यातून पुरती गेली की नाही, हे दर पिढीने आपापल्या घरी तपासून पाहायचे असते. त्यासाठी मोठे ग्रंथ नकोत. घरातल्या वृद्धांना, ते आहेत तोवर, दोन प्रश्न विचारावेत: त्या साली आपल्या घरावर काय गुदरले, आणि त्या साली आपल्या शेजारच्या घरावर काय गुदरले. पहिल्याचे उत्तर बहुतेकांना येते. दुसऱ्याचे उत्तर ज्या घरात मिळेल, त्या घरातल्या मुलांना सतरा सप्टेंबरचा अर्थ कोणी वेगळा शिकवावा लागणार नाही.